चिऱ्याची खाण

आमच्या वाडीवर डोंगर आला तेव्हा मी बेलापूरच्या ऑफिसात बसून दुसऱ्याच एका डोंगरावरची झाडं काढत होते. तो पालीकडचा कुठला तरी होता. आमचं कामच हे आहे. विमानातून जमिनीवर लेझरचे किरण मारतात, ते परत येतात आणि त्यावरून कोट्यवधी ठिपक्यांची उंची कळते. त्या ठिपक्यांत झाडं असतात, घरं असतात, विजेचे खांब असतात, कधी एखादी उभी म्हैससुद्धा असते. गिऱ्हाइकाला यातलं काही नको असतं. त्याला नुसती जमीन हवी असते. मग आम्ही प्रोग्रॅम चालवून वरचं सगळं खरवडून टाकतो आणि तो जिथे चुकतो तिथे हाताने साफ करतो. आईला मी हे एकदा समजावून सांगितलं होतं. तिने सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "म्हंजे लोकांची घरं मोडायचा पगार देतात व्हय तुला?"

संध्याकाळी प्रितमचा फोन आला. प्रितम माझा धाकटा भाऊ. तळ्याला, तालुक्याच्या गावी, शाळेत शिकवतो आणि बायकोमुलीबरोबर तिथेच राहतो.

"ताई, वाडी गेली."

"गेली म्हणजे?"

"डोंगर आला खाली. वाडी न्हाय आता. काय न्हाय." शुद्धलेखनासाठी मुलांना उठाबशा काढायला लावणारा हा माणूस, पण घाबरला की त्याच्या तोंडून वाडीचीच भाषा येते.

मी "बरं" म्हटलं. खरंच, बरं म्हटलं. फोन ठेवला, चालू होतं ते काम संपवलं, फाइल सेव्ह केली आणि मग शेजारच्या टेबलावरच्या ऋत्विकला सांगितलं की मला गावी जावं लागेल. ऋत्विक आमच्या टीमचा प्रमुख, माझ्याहून वयाने लहान. त्याचं तोंड एकदम पांढरं पडलं. त्याला धीर द्यायची वेळ माझ्यावर आली. मला काहीच वाटत नव्हतं. पुढचे दोन दिवसही वाटलं नाही. धक्का बसला की असं होतं, असं मला नंतर बऱ्याच जणांनी सांगितलं. त्या सांगणाऱ्यांचा राग मात्र मला आला, आणि तो अगदी व्यवस्थित आला.

आमची टेंभवाडी म्हणजे खाडीच्या वरच्या उतारावर बसलेली बौद्धवाडी. खाली पाण्याजवळ कोळीवाडा आणि शाळा, मध्ये भाताची खाचरं, वर आम्ही, आमच्याही वर डोंगर. घरं जांभ्याच्या चिऱ्यांची, वर पत्रे. चिरे विकत आणायची ऐपत आजोबांच्या पिढीत कुणाची नव्हती. त्यांनी वाडीच्या कडेलाच स्वतःच्या हातांनी खाण काढली, दगड कापले आणि एकमेकांची घरं बांधली. घरं झाली, खाण तशीच राहिली. तिच्यात करवंदीची जाळी माजली. आम्ही पोरं तिथे लपाछपी खेळायचो आणि आई काठी घेऊन आम्हाला बाहेर काढायची.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी पोचले. एसटी तळ्यापर्यंतच होती, पुढे कोळीवाड्यातल्या विनेशने मोटरसायकलवर आणलं. वाटेत तो एक शब्द बोलला नाही, हे त्याचे उपकार. शाळेपाशी उतरून मी वर पाहिलं. डोंगराच्या पोटापासून खाचरांपर्यंत तांबडा पट्टा आला होता, रुंद आणि गुळगुळीत. खोटं कशाला सांगू, माझ्या मनात पहिला विचार आला तो असा की काम स्वच्छ झालंय. झाडं नाहीत, घरं नाहीत, खांब नाहीत, नुसती जमीन. मी या विचाराची लाज वाटायची वाट पाहिली, पण तीही आली नाही.

प्रितम चिखलाने गुडघ्यापर्यंत माखला होता. मला बघून तो रडायला लागला आणि मी त्याच्या पाठीवर थापट्या मारत राहिले. "ताई, घरं रिकामी निघतायत," तो म्हणाला. "सगुणाकाकीचं खणलं, धर्माचं खणलं. भांडी हायत, गाद्या हायत, पण माणूस न्हाय एकबी. समदी पळाली असतील, ताई. आवाज ऐकून रानात गेली असतील."

ही आशा सगळीकडे पसरली होती. टीव्हीवाल्यांनीही ती उचलली होती. एक मुलगी माइक धरून सांगत होती की ग्रामस्थांनी प्रसंगावधान राखल्याची शक्यता आहे. प्रितमचा चेहरा बघून मला ती खरी असावीशी वाटली. पण मला ठाऊक होतं की ती खरी नाही. घरं रिकामी का आहेत, हे त्या पट्ट्यावरच्या कुणाच्याही लक्षात आलं नव्हतं आणि मला ठाऊक होतं.

वर्षावास चालू होता. आषाढी पौर्णिमेपासून तीन महिने आमच्याकडे रोज संध्याकाळी ग्रंथाचं वाचन होतं. विहाराचा पत्रा गळतो म्हणून वाचन घरोघर फिरतं. आज या घरी, उद्या पुढच्या. बायका पांढरी साडी नेसून येतात, मेणबत्ती लावतात, कुणीतरी पानं वाचतं, बाकीचे ऐकतात, मग खीर वाटतात. म्हातारीकोतारी, कडेवरची पोरं, सगळी एका पडवीत दाटीवाटीने. ज्या वेळी डोंगर आला त्या वेळी वाडीतली माणसं आपापल्या घरी नसतात.

आणि डोंगर यायच्या आदल्याच दिवशी आई फोनवर म्हणाली होती, "उद्या आपल्याकडं हाय वाचन. दूध सांगून ठेवलंय कोळीवाड्यात. पावसाचं आणून देतात का न देतात, देव जाणे." मग स्वतःच हसून, "आपल्यात देव न्हाय, पण दुधवाला तरी यायला हवा."

मी हे प्रितमला सांगितलं. मी त्याची आशा काढून घेतली होती आणि त्या जागी दुसरं काही ठेवलं नव्हतं.

"कशावरून?" तो म्हणाला. "पाऊस हुता. न्हाय केलं असेल वाचन."

"भिकूकाकाला विचारू."

वाडीतला वाचलेला एकटा माणूस म्हणजे भिकूकाका, आमच्या वारलेल्या बाबांचा चुलतभाऊ. त्याचं घर अगदी कडेला, पट्टा त्याच्या अंगणाला घासून गेला होता. शाळेच्या व्हरांड्यात कुणाची तरी गोधडी पांघरून तो बसला होता आणि कालपासून कुणाशी बोललेला नव्हता. तो वाचनाला जात नसे. आई वाचताना ओळीखालून बोट फिरवी आणि अवघड शब्द आला की थांबे. दोन वर्षांपूर्वी एकदा ती अशीच थांबली तेव्हा काका सगळ्यांसमोर म्हणाला होता, "गाडी घाटात आडकली गो." बायका हसल्या. आईने पुस्तक मिटलं आणि त्याला सांगितलं की तुला ऐकायचं नसेल तर येऊ नको. तेव्हापासून दोघांचा अबोला. तो तिच्या दारावरून जायचा ते मुद्दाम खाकरत, आणि ती मुद्दाम पाणी फेकायची.

मी त्याच्यासमोर उकिडवी बसले. "काका, काल वाचन होतं का आमच्याकडे?"

त्याने गोधडी सावरली. मग म्हणाला, "व्हय, बाय. बत्ती दिसत हुती तुमच्या पडवीत. तुजी आय वाचीत हुती." थोड्या वेळाने, "माज्या घरापर्यंत येतो तिचा आवाज. मी ऐकतो रोज. तिला ठाव न्हाय ते."

प्रितम उठून बाहेर गेला.

बचाव पथकाच्या प्रमुखांना मी हे सगळं सांगितलं. बारीक अंगाचा माणूस, ओरडून ओरडून घसा बसलेला. त्यांनी मध्ये एकदाही तोडलं नाही. ताबडतोब माणसं आमच्या घराच्या जागी लावली. अंधार पडायच्या आत जोतं उघडं झालं. नुसतं जोतं. वरचं घर चाकूने कापावं तसं गेलेलं, पडवी नाही, भिंती नाहीत, पत्रा नाही. वाडीतली सगळी माणसं एका घरात होती आणि ते घर उतारावरून खाली कुठेतरी वाहून गेलं होतं.

प्रमुखांनी मला बाजूला घेतलं. "मॅडम, हा ढिगारा तुम्ही बघताय. वर चढू शकेल असं एकच पोकलेन आहे. उद्या रात्रीपासून मोठ्या पावसाचा इशारा आहे, तो आला की मला माझी माणसं खाली घ्यावी लागतील. म्हणजे उद्याचा दिवस. पत्रा अंगावर आडवा पडला असेल तर खाली पोकळी राहते. अशातून माणसं जिवंत निघालेली मी पाहिली आहेत. पण कुठे खणू? सगळीकडे खणणं शक्य नाही. एक जागा सांगा."

मी म्हटलं, "सांगते."

ते बोलताना मला बरं वाटलं. दुःखाचं काय करायचं हे मला ठाऊक नव्हतं, पण हे काम मला येत होतं. आमच्याच कंपनीने उन्हाळ्यात या किनाऱ्याचं विमानातून सर्वेक्षण केलं होतं. ऋत्विकने ऑफिसातून टेंभवाडीचा तुकडा पाठवला. दरडीनंतरची जमीन पथकाच्या ड्रोनने सकाळीच टिपली होती. शाळेच्या चौथीच्या वर्गात, मुलांच्या बुटक्या बाकावर लॅपटॉप ठेवून मी बसले. कोळीवाड्यातली किशोरी चहा आणि भाकरी ठेवून गेली. विनेशची बायको ती. तिने दोन्ही हातांनी माझं डोकं क्षणभर दाबलं आणि गेली. मी भाकरी खाल्ली. भाकरी चांगली होती, तेही मला कळलं.

संगणकातला डोंगर म्हणजे चौकोनांची जाळी असते. एकेका चौकोनात एकेक आकडा, त्या जागेची उंची. पाणी किंवा चिखल कुठे जाईल हे बघायचं तर रीत सोपी आहे. प्रत्येक चौकोनाला आठ शेजारी असतात. त्या आठांत ज्याच्याकडे उतार सर्वांत तीव्र, तिकडे जायचं. तिथे पोचलं की त्याचे आठ शेजारी बघायचे. असं करत करत वाट खाली उतरते. फक्त एक अडचण असते. मध्ये एखादा चौकोन असा निघतो की त्याचे आठही शेजारी त्याच्याहून उंच आहेत. तिथे वाट अडकते आणि सगळं गणित थांबतं. असले खड्डे बहुतेक वेळा खरे नसतात, मोजणीतल्या चुका असतात. म्हणून वाट काढण्याआधी एक आज्ञा द्यायची की सगळे खड्डे काठापर्यंत भर. ती आम्ही इतक्यांदा देतो की देताना विचार करत नाही. दार ओढून घेतल्यावर कडी लावावी तशी ती हाताने लागते.

मी आमचं घर शोधलं. त्या चौकोनापासून वाट सोडली. ती उतरली, जरा डावीकडे वळली आणि खालच्या मोठ्या खाचरात येऊन पसरली. मग दरडीनंतरच्या उंचीतून आधीची उंची वजा केली. कुठे किती माती साचली आहे ते रंगांत दिसलं आणि गडद रंग त्याच खाचरावर आला. दोन्ही उत्तरं जुळली. मला समाधान वाटलं. त्या दोन दिवसांत मला मनापासून काही वाटलं असेल तर ते हे समाधान.

प्रितमने नकाशा पाहिला. त्याचं म्हणणं होतं की जोत्याच्या जवळच खणावं, तिथून थोडं खाली. "माणसं जड असतात, ताई. इतक्या लांब न्हाय जाणार ती." मी त्याला शिक्षकासारखं समजावलं, आकडे दाखवले, उतार दाखवला. शेवटी तो म्हणाला, "तुला कळतं यातलं. तू म्हणशील तसं."

उजाडताच पोकलेन खाचरात उतरलं. मी काठावर उभी होते. मातीतून वासा निघाला, कपाट निघालं, विहारातला कर्णा निघाला, दोन म्हशी निघाल्या. प्रत्येक वेळी यंत्र थांबवायचे, सगळे गप्प व्हायचे, पथकातला एक जण जमिनीला कान लावायचा, हात हलवायचा आणि यंत्र पुन्हा सुरू व्हायचं. दुपार कलली. खाचराचा तळ लागला. जुनी काळी भातजमीन दिसायला लागली, तिच्यात आवणाची भातरोपं चेपून बसली होती. माणूस एकही नव्हता.

प्रमुखांनी आभाळाकडे बघितलं.

मी शाळेत परत आले आणि ऋत्विकला फोन लावला. मला दुसरं काही सुचत नव्हतं. त्याने एकेक पायरी विचारायला सुरुवात केली, नव्या माणसाचं काम तपासताना विचारतात तसं, पण मवाळपणे. डेटा बरोबर लोड झाला? झाला. दोन्ही सर्वेक्षणांची उंची एकाच पायावर आणली? आणली. खड्डे भरले?

"भरले," मी म्हटलं, आणि माझा आवाज मला ऐकू आला.

खड्डे भरण्याआधीची फाइल तशीच पडलेली होती. मी ती उघडली आणि भरलेल्यातून न भरलेली वजा केली, म्हणजे संगणकाने कुठे कुठे भर घातली ते उठून दिसेल. सगळीकडे शिंतोड्यांसारखे बारीक डाग होते, ते खरोखरच चुकांचे. त्यांच्यामध्ये आमच्या घराच्या खाली, डावीकडे, एक मोठा डाग होता. त्याच्या कडा सरळ होत्या आणि कोपरे काटकोनात कापलेले होते. आमच्या आजोबांनी पहारीने आणि टिकावाने कापलेले.

मी तिथे लपाछपी खेळले होते. कोणत्या कोपऱ्यात करवंदं जास्त गोड हे मला ठाऊक होतं. आणि त्या आज्ञेचं बटण मी दाबलं तेव्हा ती खाण माझ्या डोक्यातच आली नाही. माझ्या घराच्या वाटेतला सर्वांत मोठा खड्डा मी चूक म्हणून बुजवला आणि माझी वाट त्याच्यावरून अलगद पुढे नेली. मातीची जाडी काढतानाही मी तीच भरलेली जमीन धरली होती, त्यामुळे जिथे सर्वांत जास्त माती होती तिथेच रंग फिका आला होता. वर ढिगाऱ्यावर उभं राहून खाण कुठे होती हे कुणालाही बोट ठेवून सांगता आलं नसतं. सगळं एकसारखं तांबडं आणि सपाट होतं. ते सांगणारी एकच वस्तू होती, आणि ती माझ्या हातात होती.

मी धावले. चिखलात दोनदा पडले. प्रमुखांना स्क्रीन दाखवली आणि म्हटलं, "माझी चूक झाली. इथे खाण आहे. घर तिच्यात पडलं असणार." त्यांनी स्क्रीनकडे एकदा बघितलं आणि यंत्रवाल्याला हात केला. ओरडले असते तर बरं झालं असतं. प्रितमने विचारलं, "खाण? आपली खाण?" मी मान हलवली. त्यालाही ती आठवली नव्हती, हे त्याच्या तोंडावर दिसत होतं. पण त्याला कुणी विचारलंच नव्हतं. जागा सांगते असं मी म्हटलं होतं.

पोकलेन वर चढायला वेळ लागला. पावसाची झड सुरू झाली होती. फार खोल जावं लागलं नाही. आधी पत्रा लागला. आमच्या पडवीचा निळा पत्रा, आडवा, एक कड खाणीच्या भिंतीला टेकलेली. प्रमुखांनी यंत्र मागे घ्यायला लावलं आणि माणसं फावडी घेऊन उतरली. पत्रा उचलला तेव्हा त्याच्याखाली पोकळी होती, दोन माणसं नीट बसतील एवढी.

बाकी सगळी माणसं त्या पोकळीभोवती होती, मातीत, एकमेकांत अडकलेली. त्यांना काढायला अंधार पडेपर्यंत वेळ लागला. पांढऱ्या साड्या आता पांढऱ्या नव्हत्या. तोंडं, नाकं, डोळे तांबड्या चिखलाने लिंपून गेले होते, त्यामुळे कोण कोण ते ओळखताच येत नव्हतं. कोळीवाड्यातल्या बायका बादल्यांतून पाणी आणत होत्या, एकेकाचं तोंड धूत होत्या आणि मग नाव घेत होत्या. प्रत्येक नावाला भिकूकाका "व्हय" म्हणत होता.

पोकळीत दोघी होत्या. आई आणि तिच्या मांडीवर डोकं ठेवलेली आमची शेजारीण सगुणाकाकी.

मी पुढे झाले कारण ओळख पटवायला घरचं माणूस लागतं. पथकातल्या एकाने टॉर्च धरला. आईचं तोंड चिखलाने माखलं होतं, डाव्या कानावर वाळून भेग पडली होती. सगुणाकाकीचं नव्हतं. तिच्या कपाळाला, केसांना चिखल होता, गळ्याला होता, पण नाक, तोंड आणि दोन्ही डोळे स्वच्छ होते. कुणीतरी ते पुसले होते. आईच्या उजव्या हातात स्वतःच्या पदराचं टोक होतं. लहान मुलाचं नाक पुसताना बोटाभोवती गुंडाळतात तसं गुंडाळलेलं, आतल्या बाजूने तांबडंलाल झालेलं.

ते करायला वेळ लागतो. आधी श्वास यावा लागतो, मग शुद्ध यावी लागते, शेजारी कोण आहे ते अंधारात चाचपावं लागतं, तिचं डोकं मांडीवर घ्यावं लागतं. किती वेळ लागतो, हे मला मोजता येत नाही. मी पुष्कळदा प्रयत्न करते. रात्रभर? सकाळपर्यंत? मी खाचराच्या काठावर उभी असेपर्यंत?

मी वाकून तिच्या बोटांवरचा पदर सोडवला आणि तिच्या खांद्यावर नीट घेतला. टॉर्च धरणाऱ्या मुलाने ते पाहिलं. त्याने टॉर्च दुसरीकडे फिरवला.

सरकारी डॉक्टर शाळेच्या वर्गातच तपासत होते. दमलेले, बिचारे. प्रितमने त्यांना विचारलं तेव्हा त्यांनी त्याच्या हातावर हात ठेवला. "लगेचच झालं असणार," ते म्हणाले. "कळलंही नसेल कुणाला." असं ते प्रत्येक घरच्यांना सांगत होते, मी मघापासून ऐकत होते.

प्रितम माझ्याजवळ येऊन भिंतीला टेकून बसला. बाहेर मोठा पाऊस आला होता आणि पथकाची माणसं खाली उतरत होती. भिकूकाका दारापाशी आईच्या पायाशी बसला होता.

"ताई," प्रितम म्हणाला, "म्हंजे आपण पहिल्यांदाच खाणीत खणलं असतं तरी..." त्याने माझ्याकडे पाहिलं. "लगेच ना गो?"

मला त्या दोन दिवसांत पहिल्यांदा दुःख वाटलं. दुखलं, छातीत, सरळ सुरी घातल्यासारखं, आणि ते थांबेना.

"हो," मी म्हटलं. "लगेच."